पहिला, एकमेव आणि सर्वांत उंच

पुणे-सातारा महामार्ग चेलाडी फाट्यावर सोडला आणि नसरापूरमार्गे वेल्ह्याकडे निघालं, की वाटेत विंझर, मार्गासनी ही गावं लागतात. पावसाळ्यातल्या शनिवार-रविवारी हा रस्ता तोरणा आणि राजगडला निघालेल्यांनी भरून जातो. तोरण्याबद्दलची तीन वाक्यं या मंडळींना तोंडपाठ असतात. शिवाजी महाराजांनी वयाच्या सोळाव्या वर्षी जिंकलेला हा पहिला किल्ला. औरंगजेबानं लढून जिंकलेला हा एकमेव किल्ला. आणि पुणे जिल्ह्यातला हा सर्वांत उंच किल्ला. सामान्यज्ञानाच्या पुस्तकांत, प्रश्नमंजूषेत, मोबाइलवर फिरणाऱ्या संदेशांत जगाबद्दलची जी थक्क करणारी माहिती आपल्यापर्यंत पोचते, ती बहुतेक याच तीन साच्यांतली असते: पहिला, एकमेव, सर्वांत अमुक. या प्रकरणातलं म्हणणं एवढंच आहे की अशा प्रत्येक विधानाला मुळात एक अट चिकटलेली असते. माहिती हातोहात फिरते तशी ती अट गळून पडते आणि उरतं ते सुबक पण पोकळ विधान. अट परत जोडली तर आश्चर्य कमी होईल असं वाटतं. प्रत्यक्षात ते बहुतेक वेळा वाढतंच.

उंचीचं विधान तिघांत सर्वांत निरुपद्रवी, म्हणून ते आधी उरकू. तोरण्याची उंची सुमारे १४०३ मीटर आहे आणि पुणे जिल्ह्यातल्या किल्ल्यांत ती सर्वाधिक आहे. जिल्ह्याची अट काढली की नाशिक जिल्ह्यातला साल्हेर १५६७ मीटरवर उभा राहतो. किल्ल्याची अट काढली की १६४६ मीटरचं कळसूबाई शिखर पुढे येतं. आणखी एक अट आपण उच्चारतही नाही: उंची समुद्रसपाटीपासून मोजायची. ती बदलली तर जगातलं सर्वांत उंच शिखरही बदलतं. एव्हरेस्ट ८८४८.८६ मीटर उंच आहे खरं, पण हवाई बेटांवरचा मौना केआ हा पर्वत समुद्राच्या तळातल्या पायथ्यापासून मोजला तर दहा हजार मीटरांच्या वर जातो. पृथ्वी विषुववृत्तापाशी फुगलेली असल्यामुळे तिच्या केंद्रापासून सर्वांत दूर असलेला बिंदू एव्हरेस्टवर नसून इक्वेडोरमधल्या चिंबोराझो शिखरावर आहे. त्या शिखराची समुद्रसपाटीपासूनची उंची जेमतेम सव्वासहा हजार मीटर.

सोळाव्या वर्षाचं विधान अधिक गमतीचं आहे. ते एका वजाबाकीवर उभं आहे आणि त्या वजाबाकीतल्या दोन्ही संख्यांवर वाद झालेले आहेत. तोरणा घेतल्याचं साल वेगवेगळ्या ग्रंथांत १६४३ पासून १६४७ पर्यंत वेगवेगळं दिलेलं आढळतं. महाराजांचं जन्मसाल तर विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत सर्रास १६२७ धरलं जाई. इतिहासकार सर जदुनाथ सरकारांनी जन्म १६२७ आणि तोरणा १६४६ असा हिशेब मांडला. त्यानुसार तोरणा घेतला तेव्हा महाराज एकोणीस वर्षांचे होते. मग सोळा आलं कुठून? ते आलं याच डोंगरपट्ट्यातून. भोर तालुक्यातल्या कारीच्या जेधे देशमुखांच्या घराण्यात जपलेली शकावली लोकमान्य टिळकांनी १९१६ मध्ये प्रसिद्ध केली. तिच्यात जन्माची नोंद फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१, म्हणजे १९ फेब्रुवारी १६३० अशी आहे. कवींद्र परमानंदाच्या ‘शिवभारता’तही हीच तिथी येते. आज आपण शिवजयंती साजरी करतो ती याच तारखेला. १६४६ मधून १६३० वजा केले की सोळा उरतात. म्हणजे पाठ्यपुस्तकातल्या ज्या आकड्याबद्दल कुणाच्या मनात शंकाही येत नाही, तो विसाव्या शतकात एका देशमुखी दप्तरातून बाहेर आलेल्या कागदांवर उभा आहे. ‘सोळाव्या वर्षी किल्ला घेतला’ या वाक्यापेक्षा हा इतिहास कितीतरी नवलाचा आहे, पण प्रश्नमंजूषेत त्याला जागा नसते.

औरंगजेबाबद्दलचं विधान मूळचं सरकारांसारख्या इतिहासकारांचं आहे आणि त्यात तथ्य आहे. पण तिथे अट किती महत्त्वाची आहे पाहा. १६९९ मध्ये बादशहा स्वतः मराठ्यांचे किल्ले घ्यायला निघाला. १७०० मध्ये राजाराम महाराजांच्या मृत्यूनंतर साताऱ्याचा किल्ला वाटाघाटींनी मिळाला. पुढे पन्हाळा, विशाळगड, सिंहगड हे किल्ले वेढे घालूनही अखेर पैसे मोजूनच ताब्यात आले. फेब्रुवारी १७०४ मध्ये राजगड पडला आणि लगेच तोरण्याला वेढा बसला. १० मार्चच्या सुमारास मोगल रात्री दोराच्या शिड्या लावून गड चढले आणि तो त्यांनी लढून घेतला. बादशहानं त्याचं नाव ‘फुतुहुल्गैब’ ठेवलं. तेव्हा ‘एकमेव’ हे विशेषण खरं आहे ते या एका मोहिमेपुरतं, मराठ्यांच्या किल्ल्यांपुरतं आणि बादशहा स्वतः छावणीत असताना घेतलेल्या किल्ल्यांपुरतं. पुढच्याच वर्षी त्यानं बेरडांचं वागिनगेरा तुंबळ लढाईनंतर घेतलं, पण ते मराठ्यांचं नव्हतं. १६९८ मध्ये झुल्फिकारखानानं जिंजी घेतली, पण तिथे बादशहा हजर नव्हता. या साऱ्या अटी घालून विधान पुन्हा वाचलं की त्याचा रोख बदलतो. आधी तोरण्याचा पराभव तेवढा दिसत होता. आता दिसतो पंचाऐंशी वर्षांचा एक सम्राट, जो सह्याद्रीच्या पायथ्याशी हिवाळे-पावसाळे काढत तिजोरी रिकामी करून किल्ले विकत घेतो आहे, आणि ज्याच्यावर तलवारीनं मिळालेला किल्ला नवलाचा वाटावा अशी वेळ आली आहे.

यावर कुणी म्हणेल की हे नुसतं कीस पाडणं आहे. गमतीची माहिती गमतीसाठी असते. तिच्यामागे शकावल्या घेऊन कशाला धावायचं? आक्षेप रास्त आहे, पण या प्रकारच्या माहितीचा स्वतःचा इतिहास त्याच्या विरुद्ध साक्ष देतो. अमेरिकी व्यंगचित्रकार रॉबर्ट रिप्ले याचं ‘बिलिव्ह इट ऑर नॉट’ हे सदर १९१८ मध्ये न्यूयॉर्कच्या एका वृत्तपत्रात क्रीडा-विक्रमांच्या चित्रांनी सुरू झालं. धक्का देणं हा त्याचा धंदा होता. चीनची भिंत ही चंद्रावरून दिसणारी मानवाची एकमेव निर्मिती आहे, हे विधान त्याच्या सदरात १९३२ मध्ये आलं. म्हणजे माणूस अवकाशात जाण्याच्या जवळपास तीस वर्षं आधी. ते तपासायला तेव्हा कुणी वर गेलेलंच नव्हतं! चंद्राचं अंतर पावणेचार लाख किलोमीटरांहून जास्त आणि भिंतीची रुंदी काही मीटर, एवढा हिशेब कागदावर करता आला असता. तरी हे वाक्य सत्तर वर्षं टिकलं. ऑक्टोबर २००३ मध्ये चीनचा पहिला अंतराळवीर यांग लिवेई पृथ्वीच्या जवळच्या कक्षेतून परतला आणि आपल्याला भिंत दिसली नाही असं त्यानं सांगितलं, तेव्हा खुद्द चीनमध्ये खळबळ माजली. गंमत म्हणून सोडून दिलेली माहिती लोक गंमत म्हणून धरून ठेवत नाहीत. ती त्यांच्या अभिमानाचा भाग होते.

याच्या उलट गिनीज बुकाचं. १९५१ मध्ये आयर्लंडमध्ये शिकारीला गेलेल्या सर ह्यू बीव्हर यांचा वाद झाला: ज्यांची शिकार करतात त्या पक्ष्यांत युरोपातला सर्वांत वेगवान कोणता? उत्तर कुठल्याच पुस्तकात सापडेना. गिनीज या मद्य कंपनीचे प्रमुख असलेल्या बीव्हरना वाटलं की असे वाद पबमध्ये रोज होत असणार, तेव्हा ते मिटवणारं पुस्तक हवं. १९५५ मध्ये पहिली आवृत्ती निघाली. त्या पुस्तकाचं यश अचाट आकड्यांत आहे असं वाटतं, पण त्याचं खरं काम अटी ठरवण्याचं आहे. किती वेळ, कुणासमोर, कोणत्या मापानं, मध्ये विश्रांती किती, हे आधी लिहून काढल्याशिवाय तिथे विक्रमच होत नाही. जगातला विक्रमांचा सर्वांत खपाऊ ग्रंथ अटींवर चालतो. मग अटींमुळे गंमत मरते असं म्हणणाऱ्यांनी याचा जबाब द्यायला हवा.

खेळांतलं आपलं स्वतःचं उदाहरण खाशाबा जाधवांचं. कराडजवळच्या गोळेश्वरच्या या मल्लानं १९५२ च्या हेलसिंकी ऑलिम्पिकमध्ये फ्रीस्टाइल कुस्तीच्या बँटमवेट गटात कांस्यपदक जिंकलं. नेमकं विधान असं: स्वतंत्र भारताचं हे पहिलं वैयक्तिक ऑलिम्पिक पदक. बोलताना ‘स्वतंत्र’ आणि ‘वैयक्तिक’ हे दोन्ही शब्द गळतात आणि ‘भारताचं पहिलं ऑलिम्पिक पदक’ एवढंच राहतं. ते चूक आहे, कारण हॉकीचं सुवर्ण १९२८ पासून आपल्याकडे येत होतं. आणि १९०० च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये कोलकात्यात जन्मलेल्या नॉर्मन प्रिचर्डनं २०० मीटर धावणं आणि २०० मीटर अडथळा शर्यत यांत दोन रौप्यपदकं घेतली होती. आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समिती ती भारताच्या नावावर धरते, ॲथलेटिक्सची जागतिक संघटना ब्रिटनच्या. हा प्रिचर्ड पुढे नॉर्मन ट्रेव्हर या नावानं हॉलिवूडच्या मूकपटांत अभिनेता झाला, हे वेगळंच. पण अट लावल्यानं खाशाबांचं मोल कमी होतं का? ‘वैयक्तिक’ ही अट कायम ठेवली की पुढचं पदक कधी आलं हे विचारता येतं, आणि उत्तर येतं १९९६, लिअँडर पेस. मधली ४४ वर्षं रिकामी. आणि ‘पहिलं’ या शब्दामागे डोकावलं की १९२० चं अँटवर्प दिसतं. पुण्याच्या डेक्कन जिमखान्यावरच्या स्पर्धांमधून स्फूर्ती घेऊन दोराबजी टाटांनी संघ पाठवायचा घाट घातला आणि त्या संघातले रणधीर शिंदे फेदरवेट फ्रीस्टाइलमध्ये चौथे आले. बेळगावचे फडेप्पा चौगुले मॅरेथॉनमध्ये एकोणिसावे आले, आणि तीही ४२.७५ किलोमीटरांची, ऑलिम्पिकच्या इतिहासातली सर्वांत लांब मॅरेथॉन. चौथ्या क्रमांकाला पदक नसतं म्हणून रणधीर शिंदे कोणत्याच प्रश्नाचं उत्तर नाहीत. खाशाबांना पाठवण्यासाठी कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयाचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपलं घर सात हजार रुपयांना गहाण ठेवलं, हेही पदकाच्या ओळीत मावत नाही.

सिनेमाचं थोडक्यात सांगतो. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशन चित्रपटगृहात लागला. त्याच चित्रपटगृहात १८ मे १९१२ रोजी दादासाहेब तोरणे यांचा ‘श्री पुंडलिक’ दाखवला गेला होता. पण ते नाटकाचं चित्रीकरण होतं आणि छायाचित्रकार इंग्रज होता, म्हणून पहिलेपणाचा मान फाळक्यांकडे. आणि या दोघांच्या आधी, १८९९ मध्ये, सावेदादा ऊर्फ हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्तीची एक लढत कॅमेऱ्यात टिपली होती. कोण पहिला हे अटीवर ठरतं. मला तर यातलं खरं नवल तारखांच्या जवळिकीत दिसतं: पॅरिसमध्ये ल्यूमिएर बंधूंनी तिकीट लावून पहिला खेळ केला २८ डिसेंबर १८९५ ला, आणि मुंबईच्या वॉटसन्स हॉटेलात त्यांची चित्रं दाखवली गेली ७ जुलै १८९६ ला. सव्वासहा महिन्यांचं अंतर.

अट गळाल्यानं किती मोठं नुकसान होतं याचं सर्वांत चांगलं उदाहरण मात्र कोकणात, विजयदुर्गावर आहे. त्या किल्ल्यात काही दगडी ओटे आहेत. लोक त्यांना साहेबाचे ओटे म्हणतात. १८ ऑगस्ट १८६८ च्या खग्रास सूर्यग्रहणात नॉर्मन लॉकियर या इंग्रज शास्त्रज्ञानं इथून निरीक्षण करून हेलियम वायूचा शोध लावला, असं वर्षानुवर्षं सांगितलं जातं, आणि त्या तारखेला तिथे हेलियम दिवस साजरा होतो. त्या दिवशी ग्रहणाचा पट्टा दक्षिण हिंदुस्थानावरून गेला हे खरं आहे. जॉन हर्शेल पटवर्धनांच्या जमखंडी संस्थानात होता, कॅप्टन हेग विजापूरला, फ्रेंच शास्त्रज्ञ पिएर जान्सेन गुंटूरला. वर्णपटदर्शकातून सूर्याच्या कडेच्या ज्वालांकडे पाहिल्यावर तेजस्वी रेषा दिसल्या, म्हणजे त्या ज्वाला तप्त वायूच्या आहेत हे कळलं. जान्सेनला त्या रेषा इतक्या प्रखर वाटल्या की ग्रहण नसतानाही त्या दिसतील असं त्यानं ताडलं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी त्या पाहूनही दाखवल्या. लॉकियर या सगळ्यात कुठे होता? इंग्लंडमध्ये. स्वतःच्याच युक्तीनं, ग्रहणाशिवाय, २० ऑक्टोबर १८६८ रोजी त्यानं तिथल्या आकाशात ज्वालांचा वर्णपट पाहिला. त्यातली पिवळी रेषा सोडियमच्या जोडरेषांच्या जवळ होती, पण त्यांच्यावर बसत नव्हती. ५८७.६ नॅनोमीटरच्या आसपासची ही रेषा कोणत्याच ज्ञात मूलद्रव्याची नव्हती. दोघांची पत्रं पॅरिसच्या विज्ञान अकादमीत एकाच दिवशी वाचली गेली आणि फ्रेंच सरकारनं दोघांच्या मुद्रा असलेलं पदक पाडलं. तरी ही रेषा हेलियम या नव्या मूलद्रव्याची आहे यावर बहुतेकांचा विश्वास बसला नाही. १८९५ मध्ये विल्यम रॅमसेनं क्लेव्हाइट या युरेनियमच्या खनिजातून तो पृथ्वीवर वेगळा काढला, तेव्हा शंका मिटली.

मग साहेबाचे ओटे खोटे का? मुळीच नाही. लॉकियर विजयदुर्गाला आला होता, पण तीस वर्षांनंतर. २२ जानेवारी १८९८ च्या खग्रास ग्रहणासाठी त्यानं तिथे तळ टाकला. ‘मेल्पोमीन’ या युद्धनौकेवरच्या खलाशांना उपकरणं हाताळायला शिकवून त्यानं सूर्याच्या वर्णपटाची छायाचित्रं घेतली. ओट्यांचा मेळ या तळाशी बसतो. म्हणजे लोकस्मृतीनं माणूस बरोबर लक्षात ठेवला, जागा बरोबर ठेवली, ग्रहणही ठेवलं. फक्त साल सरकलं, आणि सालाबरोबर शोधही सरकला. इथे दुसरा आक्षेप येतो, आणि तो अधिक हळवा आहे: एका गावानं विज्ञानाचा दिवस साजरा केला, मुलं दुर्बिणीतून बघू लागली, तर तारखेवरून त्यांचा हिरमोड का करायचा? हिरमोड होतो हे मान्य. पण खरी गोष्ट गावाच्या हातून काहीही काढून घेत नाही. ज्या माणसानं सूर्यात एक मूलद्रव्य पाहिलं आणि सत्तावीस वर्षं अविश्वास सोसला, तो ते मूलद्रव्य पृथ्वीवर सापडल्यावर तीनच वर्षांत कोकणातल्या या किल्ल्यात येऊन पुन्हा सूर्याकडे बघतो, ही हकिकत चुकीच्या गोष्टीपेक्षा सरस आहे. तिच्यातला लॉकियर माणूस म्हणून उभा राहतो. चुकीच्या गोष्टीत तो फक्त नाव होता.

शिवाय चुकीच्या सालामुळे मराठी मुलखातलंच दुसरं काहीतरी झाकलं जातं. १८९८ च्या त्या ग्रहणाचा पट्टा विजयदुर्गावरून देशावर चढला आणि सोलापूर जिल्ह्यातल्या जेऊरवरून गेला. जेऊरला अमेरिकेच्या लिक वेधशाळेचे शास्त्रज्ञ उतरले होते, आणि त्याच जेऊरला पुण्याहून कावसजी नायगमवाला आपली उपकरणं घेऊन गेले होते. पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्समध्ये, म्हणजे पुढे अभियांत्रिकी महाविद्यालय झालेल्या संस्थेत, भावनगरच्या महाराजांच्या देणगीतून उभी राहिलेली तख्तसिंगजी वेधशाळा ते चालवत. या हिंदी शास्त्रज्ञानं जेऊरच्या ग्रहणाचा सविस्तर अहवाल छापला.

शेवटचा आक्षेप परीक्षार्थींचा, आणि व्यवहारात तोच सर्वांत जड आहे. तलाठी भरती असो की लोकसेवा आयोग, प्रश्नाला चार पर्याय आणि उत्तरतालिकेत एकच बरोबर. अटी लिहायला जागा कुठे? अट प्रश्नातच घालता येते. ‘स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक पदक कुणाचं?’ या प्रश्नाला एकच उत्तर आहे आणि ते निर्विवाद आहे. ‘हेलियमचा शोध महाराष्ट्रात कुठे लागला?’ या प्रश्नाला चारही पर्याय चुकीचे आहेत. त्याऐवजी १८९८ च्या खग्रास ग्रहणाच्या वेळी जेऊरला पुण्याची उपकरणं कुणी नेली, असं विचारता येईल. त्याचं उत्तरही एकच आहे, कावसजी नायगमवाला. उपप्रश्न हवा असेल तर तोही तयार आहे: ते निवृत्त झाल्यावर १९१२ मध्ये पुण्याची ती वेधशाळा बंद झाली, तेव्हा तिची उपकरणं कुठे गेली? उत्तर, कोडाईकनाल.